बेचाळिसावं मत

प्रिय आबा,

पक्षाचा झेंडा फुकटात झाला, असं तुम्ही प्रत्येक सभेत सांगायचात. काल रोझाअक्कांनी तो घडी घालून माझ्या हातात ठेवला, तेव्हा मी मनाशी खरा हिशेब मांडला. पांढरं कापड तुमच्या लग्नातल्या अक्कांच्या झग्याचं. पिवळी पट्टी चर्चच्या जुन्या पडद्याची; त्यापायी फादर दोन महिने तुमच्याशी बोलत नव्हते. काठी तुमच्या कवायतीची, शाळेतून निवृत्त होताना पोरांनी दिलेली. आणि सगळ्यात महाग पडला तो अंतोनभाऊ. तुमची नि त्याची चाळीस वर्षांची दोस्ती.

हे शेवटचं कलम माझ्यामुळे लागलं, आबा. तेवढं सांगायला हे पत्र. उद्या मृतांचा दिवस, तुमच्या थडग्यावर आम्ही पहिल्यांदाच मेणबत्ती लावणार. नऊ वर्षं तोंडावर सांगायची हिंमत झाली नाही. आता मध्येच ‘सावधान’ म्हणून मला थांबवायला तुम्ही नाहीत.

तो दिवस आठवतो का? भडगावच्या स्टँडवरचं चहाचं दुकान. पेपर वाचता वाचता एक जण सहज म्हणाला, “आबा, तुमचा पोप तिकडे, तुमचं चित्त तिकडे. इथं तुम्ही पाहुणेच.” तुम्ही कप खाली ठेवला. एरवी शाळेतली शुद्ध मराठी बोलणारा माणूस, पण राग आला की गावची अहिराणी वर यायची. “मना आजा आठेज गिरनामा पव्हाले शिकना. तू माले पाव्हना म्हनस?” गिरणेत पोहायला शिकलेल्या आजाचा नातू इथं पाहुणा कसा, एवढंच तुमचं म्हणणं.

त्याच संध्याकाळी तुमच्या अंगणात पक्ष निघाला. ख्रिस्ती राष्ट्रसेवक पक्ष. जाहीरनामा एका ओळीचा: धर्म कॅथलिक, देश भारत, दोन्हींपुढे ताठ उभं राहायचं. तेव्हा माझ्याकडे सायकलच्या कॅरिअरला बांधलेला एक भोंगा आणि एक ॲम्प्लिफायर होता. माईक लावून झाल्यावर तुम्ही वही पुढे केलीत. “सायमन, कर सही.” मी पहिली सही केली. सभासद क्रमांक एक! आज जळगावात माझ्या साउंडच्या तीन गाड्या फिरतात, पण कुणी ओळख विचारली की मी अजून तेच आधी सांगतो.

रविवारची मिस्सा संपली की चर्चच्या आवारात राष्ट्रगीत सुरू झालं. फादर वैतागायचे. “आबा, लोकांना जेवायला तरी जाऊ द्या.” तुम्ही म्हणायचात, “फादर, बावन्न सेकंदांत डाळ करपत नाही.” एरंडोलला शाखा निघाली, मग धुळ्याला. धुळ्याच्या सभेला आपण टेम्पोत दाटीवाटीनं गेलो. अर्ध्या वाटेत भोंगा पडला, अंतोनभाऊ उतरून मागे पळाला आणि तो डोक्यावर टोपीसारखा घालून परत आला. तुम्हाला एवढं हसताना मी परत कधी पाहिलं नाही.

आपल्या सभांची गंमत बाहेरच्यांना कळायची नाही. लोक टाळ्याच वाजवत नसत. प्रवचनाला बसतात तसे हात मांडीवर ठेवून बसायचे आणि शेवटी एकदम म्हणायचे, आमेन. चहाच्या दुकानात थट्टा व्हायची, “आबांची सभा का कुणाची मयत?” पण मला तो आमेन आवडायचा. टाळीत माणूस लपतो, आवाजात लपत नाही. नगरपालिकेच्या निवडणुकीला तुम्ही उभे राहणार म्हटल्यावर आपल्या वॉर्डातल्या सभासदांनी तुमच्या अंगणात बायबलवर हात ठेवून मताची शपथ घेतली. मी ॲम्प्लिफायरपाशी बसून एकेक आमेन कानानं टिपला, तुमचाही. “बेचाळीस पक्के, आबा. भडगावातली कुजबूजसुद्धा माझ्या कानातून सुटत नाही.” छाती काढून म्हणालो होतो मी!

मग पक्षाच्या नोंदणीचे कागद परत आले. धर्माचं नाव चालणार नाही, क्रूस तर नाहीच. तुम्ही अपक्ष म्हणून अर्ज भरलात. चहाच्या दुकानाला आयताच विषय मिळाला. “पक्ष असून अपक्ष कसे हो आबा?” तुम्ही चहा संपवून शांतपणे म्हणालात, “फौज तयार आहे. वर्दी शिवायची बाकी आहे.”

पण घरी येऊन तुम्ही धुसफुसत होता. अंतोनभाऊ सगळ्यांसमोर बोलला, “आबा, झेंड्यावरचा क्रूस काढा. तक्रार झाली तर उमेदवारी जाईल.” तुम्ही त्याला भित्रा म्हणालात. तोही चिडला. “मग मत द्यायचं का नाही ते मी बघतो.” रागातलं बोलणं होतं ते. दुसऱ्या दिवशी अक्कांनी क्रूसाची शिवण उसवली. सुईची भोकं अजून दिसतात, आबा, काल मी त्यांवरून बोट फिरवलं. अंतोनभाऊचं बरोबर होतं, असं तुम्ही त्याला एकदा तरी म्हणालात का?

निकालात तुम्हाला एक्केचाळीस मतं पडली. निवडून येणार नाही हे तुम्हालाही ठाऊक होतं. बाहेरचं एखादं मत पडेल ही आशाही नव्हती. हरल्याचं दुःख नव्हतंच तुम्हाला. शपथ घेऊन एक जण खोटा निघाला, हे तुम्हाला लागलं.

तुम्ही सगळ्यांना अंगणात रांगेत उभं केलंत. “ज्यानं मत दिलं नाही, त्यानं एक पाऊल पुढे यावं.” कुणी हललं नाही. मी ॲम्प्लिफायरची वायर गुंडाळत होतो. गुंडाळलेलीच परत सोडून परत गुंडाळत होतो.

अंतोनभाऊ आपला पोलिंग एजंट. दिवसभर मतदान केंद्रात बसून येणाऱ्या प्रत्येक सभासदाच्या नावापुढे खूण करणं त्याचं काम.

“अंतोन, यादी कुठाय?”

“हरवली.”

“एजंटची यादी हरवते?”

“हरवली म्हणतो ना, आबा.”

“एक पाऊल पुढे, अंतोन.”

तो पुढे आला नाही. तुमच्याकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे पाहिलं, मागे वळला आणि अंगणाबाहेर गेला. त्याचे भाऊ गेले, मेहुणे गेले. पुढच्या रविवारी राष्ट्रगीताला वीसेक माणसं होती. धुळ्याहून निरोप आला की जागा मिळत नाही, एरंडोलहून निरोपही आला नाही. शेवटी शेवटी आवारात दोघंच उभे राहायचो, तुम्ही आणि मी. लोक म्हणायचे, सायमननं शेवटपर्यंत साथ दिली. मी ते ऐकून घ्यायचो.

आबा, ते मत माझं होतं.

मतदानाच्या दिवशी मी एरंडोलला होतो. हळदीचा कार्यक्रम, तोवरची माझी सगळ्यात मोठी ऑर्डर. दुपारी तीनला निघून पाचच्या आत भडगाव गाठायचं ठरवलं होतं. पण नवरीचे मामा म्हणाले, अजून एक तास वाजू दे, आणि मी वाजू दिलं. ॲम्प्लिफायर बिघडला, टायर फुटला, असं काहीसुद्धा झालं नव्हतं. आपण हरणारच आहोत, एका मतानं काय होतंय, असं मी मनात म्हणालो. परत आलो तेव्हा केंद्राचं फाटक बंद झालेलं होतं. त्याच आठवड्यात तुम्ही माझ्याच माईकवरून अर्धा तास सांगितलं होतं, एका मतानं काय होतं ते. आवाज मीच नीट लावून दिला होता.

मी फादरांपाशी पापनिवेदन केलं. ते म्हणाले, “क्षमा देवाची आहेच. पण आबांना जाऊन सांग, तुझं प्रायश्चित्त तेच.” मी त्याऐवजी ‘नमो मारिये’च्या प्रार्थना म्हणत राहिलो. किती म्हटल्या असतील? प्रायश्चित्तात असा बदल करून चालत नाही, हे मला माहीत नव्हतं असं नाही.

आणि तुम्ही? तुम्हालाही एक विचारतो, रागावू नका. तुमचं बोट अंतोनभाऊकडेच का गेलं? अंगणात तुम्हाला सोडून एक्केचाळीस जण होतो. मी माईक लावणारा, रोज जवळ असणारा, म्हणून माझ्यावर नजरच गेली नाही ना? वेगळं मत मांडणारा तेवढा दिसला. कवायतीत तुम्ही पाय चुकवणाऱ्याला लगेच पकडायचात, पण न येणाऱ्याची हजेरी घ्यायला विसरायचात.

काल सकाळी दफनभूमीत गेलो तर अंतोनभाऊ आधीच आलेला. तुमच्या क्रूसाला चुना मारत होता. न बोलावता. मी त्याच्याजवळ बसलो आणि एका दमात सगळं सांगितलं. त्यानं ब्रश डब्यात ठेवला.

“माहीत आहे रे.”

“कधीपासून?”

“त्याच दिवसापासून. यादी माझ्याकडे होती ना.”

“मग बोलला का नाहीत, भाऊ?”

“आबा म्हणायचे, सायमन म्हणजे पक्षाचा गळा. माझ्याशिवाय पक्ष चालला असता. गळा गेल्यावर काय उरणार होतं?” मग ब्रश परत उचलून म्हणाला, “तू स्वतः सांगशील असं वाटलं होतं. पहिलं वर्ष वाट पाहिली. मग सवय झाली.”

त्याचा आवाज अगदी साधा होता. नऊ वर्षं तो चर्चमध्ये माझ्या मागच्या बाकावर बसला, आणि मी, भडगावची कुजबूज टिपणारा, मला त्याचं गप्प राहणं ऐकू आलं नाही.

घरी जाऊन त्यानं बायबलमधून चौघडी घातलेला कागद आणून दिला. आता तो माझ्यापुढे आहे.

उद्या प्रार्थना झाल्यावर माईक मीच लावणार आहे, दरवर्षी लावतो तसा. फादर बाजूला झाले की मी तो हातात घेईन आणि सगळ्यांसमोर, अक्कांसमोर, अंतोनभाऊचं नाव घेऊन सांगेन की तो खोटा नव्हता. एक पाऊल पुढे येऊन सांगेन. हा शब्द तुम्हाला देतो. बायबलवर हात ठेवत नाही. तसा एकदा ठेवून झाला आहे. मग झेंडा अंतोनभाऊच्या हातात देईन. तो घेईल का, ते त्याचं तो ठरवेल.

यादी तुमच्या अक्षरात आहे, आबा, वहीतल्याच क्रमानं. नावं बेचाळीस. एक्केचाळिसांपुढे अंतोनभाऊची निळी खूण आहे. कोरं आहे ते सभासद क्रमांक एकचं.

तुमचा,
सायमन