एकतिसावा

१३ जुलै

आमच्या नेत्याला पंतप्रधानपदासाठी मतं ३२४. हवी होती ३७५. एक्कावन्न कमी!

दिवसभर छपाईच्या दुकानातल्या टीव्हीसमोर होतो. एकेकाचं नाव पुकारत होते, मी वहीत रेघा मारत होतो, पाच-पाचच्या जुड्या करून. मे महिन्यात सगळ्यांत जास्त जागा आमच्या पक्षाच्या. लोकांनी निवडून दिलं आणि जनरलांनी वरच्या सभागृहात नेमलेल्या अडीचशे म्हाताऱ्यांनी अडवलं. विरोधात गेले ते गेले, त्यांचं तोंड तरी दिसलं. पण तटस्थ १९९! ना हो, ना नाही. नुसते बसून राहिले. मला त्यांचाच जास्त राग येतो.

कोब संध्याकाळी बर्फाची गाडी घेऊन आला. बर्फावर आमच्याच उमेदवाराचा जुना फलक झाकलेला.

"काय रे, झालं का आपलं सरकार?"

"नाही."

"म्हणजे एप्रिलमध्ये चिठ्ठी उचलायचीच?"

पक्षाने सक्तीची लष्करभरती बंद करू म्हटलं होतं. आम्ही दोघं येत्या एप्रिलच्या यादीत आहोत. काळी चिठ्ठी आली तर घरी, लाल आली तर दोन वर्षं बराकीत. त्याला म्हटलं, अजून वेळ आहे, मतदान पुन्हा होईल. गणित करून सांगितलं. तो म्हणाला, "तुझं गणित बरोबर असतं रे, पण उत्तर दुसरंच कुणीतरी लिहितं."

१९ जुलै

आमच्या नेत्याचं नाव दुसऱ्यांदा मांडूच दिलं नाही. नियम म्हणे! नियम मी तीनदा वाचला. मी नववीपर्यंतच शिकलोय, पण वाचता येतं मला.

२२ ऑगस्ट

झालं सरकार. आमचं नाही. मे महिन्यात आमच्या शेजारी हात धरून उभे होते, तेच जनरलांच्या पक्षांबरोबर जाऊन बसले. आता आम्ही विरोधात.

दुकानाचे मालक कुआंगशेठ माझ्याकडे बघून हसत होते. "अरे, मी सगळ्या पक्षांचे फलक छापतो, म्हणून मी कधी हरत नाही. तू एकाचेच मनापासून छापतोस!"

छापले मनापासून. चारशे बारा फलक, एकातही चूक नव्हती. उपयोग काय झाला? बर्फ झाकायला!

३० सप्टेंबर

नवे मंत्री म्हणतात, भरती 'हळूहळू' ऐच्छिक करू. हळूहळू म्हणजे कधी? तारीख लिहा ना!

११ फेब्रुवारी

कोब दुपारी मुद्दाम आला. त्याच्या बायकोला, निंगला, पाचवा महिना लागलाय.

कोब बारावी पास आहे. स्वतःहून नाव दिलं तर त्याला एकच वर्ष. चिठ्ठीत लाल आली तर दोन. (मला कसंही दोनच. नववीवाल्याला सवलत नाही.) निंग म्हणते, देऊन टाक नाव, वर्षात मोकळा होशील. बाळ चालायला लागेल तेव्हा घरी असशील.

मी तासभर बोललो. म्हटलं, तू आपणहून गेलास की ते म्हणणार, बघा, पोरं हसत येतात, सक्ती कुठाय? मग कायदा कशाला बदलतील? मत देऊन हरलो ते हरलो, आता आपल्या हाताने त्यांना माणूस द्यायचा नाही.

तो बराच वेळ बर्फाच्या चिमट्याची उघडझाप करत बसला. "तू बोललास की तुझं खरं वाटतं. घरी गेलो की निंगचं खरं वाटतं."

"मग इथेच थांब," मी म्हटलं. हसला.

नाव देणार नाही म्हणाला.

१ एप्रिल

आईने गावदेवाला नव्व्याण्णव उकडलेल्या अंड्यांचा नवस बोललाय. मी म्हटलं, देवाला एवढी अंडी कशाला? "तुझ्या पक्षाला मत दिलं, त्याने काय दिलं? देव निदान अंडी खाऊन काम करतो."

झोप नाही. कागदपत्रं चार वेळा तपासली.

४ एप्रिल

सुटलो! चिठ्ठी उचलावीच लागली नाही.

सकाळी सहापासून शाळेच्या मंडपात. आधी उघडं करून मोजमाप, दंडावर शाईने नंबर. मी ८७, कोब ८६. आमच्या तालुक्यातून एकतीस माणसं हवी होती. आपणहून आलेली तीस झाली. तीस! आणखी एक आला असता तर चिठ्ठ्याच नव्हत्या.

अधिकारी मजेत होता. माईकवरून म्हणाला, "या की रे! एकाने हात वर केला की बाकी सगळे घरी, आईच्या हातचं जेवायला!" बाहेर कुंपणापाशी आया उभ्या, त्या हसल्या. त्याने तीनदा विचारलं. कुणी उठलं नाही. सगळे आपल्या पायांकडे बघत बसलेले. भेकड!

मग पेटीत एक लाल, नव्वद काळ्या.

एकेक जण जायचा, हात वर धरून चिठ्ठी काढायचा. काळी, की कुंपणापाशी ओरडा. पन्नासच्या वर गेले तरी लाल निघेना. मग पुकारलं, "थीरफोंग सायबुआ!" मी इकडेतिकडे बघितलं, हा कोण? आणि माझ्या शेजारून कोब उठला. तिसरीपासून ओळखतो त्याला, पण सगळे कोबच म्हणतात, त्याचं कागदावरचं खरं नाव असं कधी ऐकलंच नव्हतं.

लाल.

मंडपात जल्लोष. एकुलती लाल निघाली, बाकी सगळे सुटले! पोरं एकमेकांना मिठ्या मारत होती. मलाही कुणीतरी उचललं. खाली उतरलो तेव्हा कोबला टेबलाकडे नेलं होतं. निंग कुंपणाला धरून उभी होती. रडत नव्हती.

आईने घरी येईपर्यंत माझा हात सोडला नाही. मग म्हणाली, "बोटं कशाने काळी झाली रे?"

"छपाईची शाई," मी म्हटलं.

५ एप्रिल

बर्फाची गाडी आली. चालवणारा दुसराच. फलक तोच.

आई अंडी उकडत होती. तीन फुटली, पुन्हा तीन आणायला मला पाठवलं. निंगच्या घरावरून रस्ता आहे. मी मागच्या गल्लीने गेलो.

७ एप्रिल

चिठ्ठ्यांच्या दिवशीचं एक लिहायचं राहिलं. राहिलं नाही. लिहिलं नाही.

काल आठवड्याचा पहिला फलक तपासायला घेतला आणि बोटांकडे लक्ष गेलं. चार वेळा साबण लावलाय. त्या दिवशी मी दुकानात गेलोच नव्हतो. छपाईची शाई नव्हती ती.

अधिकाऱ्याने तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा कोब उठत होता. मी त्याचा दंड धरून त्याला खाली बसवलं.