पाइप मागे घ्या

६ जानेवारी
कबड्डीच्या आणखी एका व्हॉट्सॲप ग्रुपमधून मला काढलं. पेपरातला माझा रविवारचा कॉलम झोंबला. पुरुषांमधल्या उत्कृष्ट चढाईवाल्याला मोटरसायकल, बायकांमधलीला मिक्सर. मी एवढंच विचारलं होतं की दिवसभर चढाया करून आलेल्या बाईने घरी जाऊन चटणी वाटायची का. संघटनेचे सेक्रेटरी म्हणे फार दुखावलेत. चौदा वर्षांखालच्या संघात मिशीवाले गडी खेळतात हे लिहिलं तेव्हाही दुखावले होते. तेव्हा स्कूटरचं सीट ब्लेडने फाडलं कुणीतरी. या वेळी नुसता ग्रुप. प्रगती आहे.
अम्मी म्हणाली, "तुला येते का खेळता कबड्डी? मग दुसऱ्यांच्या खेळात भांडणं कशाला काढतेस, शमा?"

११ जानेवारी
राहनाळ. शेठची स्पर्धा, दोन गोडाऊनच्या मधल्या आवारात. गोडाऊन त्यांची, चषक त्यांचा, यजमान संघही त्यांचाच.
पाहुण्यांचं व्यासपीठ मॅटच्या कडेला. त्याच्यापुढे लोखंडी पाइपचा कठडा, सोफ्यांपुढे गर्दी होऊ नये म्हणून. रेषेच्या इतका जवळ की सोफ्यावरच्या माणसाने हात लांब केला तर खेळाडूच्या पाठीला लागेल. सामने सुरू व्हायच्या आधी मुख्य पंचांना म्हटलं, पाइप मागे घ्या. ते म्हणाले, "मॅडम, पाइप मागे गेला तर पाहुणे मागे जातील. पाहुणे मागे गेले तर आम्ही कुठे जाऊ?" बाजूचे हसले. माइकवाल्याकडे गेले. त्याने माइकवरून माझं स्वागत केलं.
मग काळूराम.
अंबाडीच्या पुढच्या पाड्यावरचा वारली पोरगा. शेठच्याच गोडाऊनमध्ये हमाल. खेळतो म्हणून कामाला लागला. आठवडाभर गठ्ठे उचलायचे, रविवारी शेठच्या संघाकडून चढाई. बारीक, लांब हातांचा. त्याच्यावर मी दोनदा लिहिलंय. उपांत्य सामना संपत आलेला. काळू आत गेला, कोपऱ्यात वळला, तिघांनी धरला आणि त्याच जोरात बाहेर ढकलला. मान पाइपावर.
आवाज आला. तो लिहिता येत नाही.
माइकवर: किरकोळ दुखापत, प्रेक्षकांनी जागा सोडू नये. त्याला गोडाऊनच्या टेम्पोत घालून नेलं. राखीव गडी आत. सामना पुरा केला. अंतिम सामनाही झाला. शेठचा संघ जिंकला, फटाके लावले.

१२ जानेवारी
ठाण्याचं हॉस्पिटल. मानेचा मणका. हातपाय हलत नाहीत. डॉक्टर फक्त "बघू" म्हणतात, आणि तेही माझ्याकडे न बघता.
बाहेर जमिनीवर त्याची बायको, मंजुळा. चोवीस-पंचवीसची असेल. सोबत शेठची दोन माणसं, चहा-बिस्किटं आणून देणारी. मला म्हणाली, "तू डाक्टर हायस?"
"नाही. पेपरवाली."
"मंग लिव. त्याचा नाव लिव."

१४ जानेवारी
छापून आलं. जिल्ह्याच्या पानावर, वरती, काळूच्या फोटोसकट. पाइपाचं, पंचांचं, फटाक्यांचं, सगळं. संपादकांनी एक शब्द कापला नाही. म्हणाले, "शमा, धाडसाचं काम." सकाळपासून फोन चालू. निम्मे शाबासकीचे, निम्मे शिव्यांचे. नेहमीचंच प्रमाण.
एकाने विचारलं, "मॅडम, आमच्या आगरी लोकांच्या स्पर्धाच दिसतात का तुम्हाला?" दुसऱ्याने माझ्या नावावरून जे म्हटलं ते इथे लिहीत नाही.

१७ जानेवारी
पंचांचा अहवाल आला. मैदानाभोवती नियमाप्रमाणे मोकळी जागा होती. अडथळा नव्हता. खेळाडूचा तोल गेला, मॅटवरच पडला. यूट्यूबवरचं चित्रण काढून टाकलंय. एवढी माणसं होती तिथे, त्यातल्या काहींना फोन केले. कुणी त्या वेळी वडापाव खात होतं. कुणी पाठमोरं होतं. ज्याने त्याला उचलून टेम्पोत ठेवलं तो म्हणाला, "मॅडम, मी त्याला बघत होतो ना, पाइपाला कशाला बघू?"

१९ जानेवारी
माझ्या भावाचा, इरफानचा, कापडाचा माल शेठच्या एका गोडाऊनमध्ये ठेवलेला असतो. आज तागे घेऊन टेम्पो गेला तर "जागा नाही" म्हणून फाटकावरून परत. दुपारी लूम बंद ठेवून घरी आला. ओरडला नाही. ओरडला असता तर बरं झालं असतं. जेवायला बसला, आणि भाताकडे बघत म्हणाला, "आपा, तू बिनधास्त लिख. कोण थांबवतंय तुला? लेकिन मेरा माल तो उतरने दे."
अम्मी आत गेली. तिचं ताट तसंच.

२३ जानेवारी
शेठ स्वतः ऑफिसात आले. एकटेच. वाटलं होतं दम देतील. खुर्चीत बसले, पाणी मागितलं.
"मॅडम, मी वाईट मानूस हाय का? सांगा. त्या पोराचा सगला मी बगतंय. आपरेशन मी केला. आता राहनालला खोली दिली, पलंग आनला, मालिशवाला डाक्टर रोज येतंय. जल्मभर बगीन. तुमचा पेपर काय देतंय त्याला?"
मी म्हटलं, पाइप होता, शेठ.
"होता तं होता. आता काय पाइपाला फाशी देऊ?"
डोळ्यांत पाणी होतं. खोटं वाटलं नाही. तीच पंचाईत.

२७ जानेवारी
मंजुळाचं निवेदन आलंय ऑफिसात. खाली सही, शाळेतल्या मुलीसारखी, एकेक अक्षर सुटं. पाइप नव्हता, पत्रकार बाईंनी मनाचं लिहिलं, आमच्या कुटुंबाची बदनामी झाली. सोबत वकिलाची नोटीस.
संपादक म्हणाले, "जखमीची बायकोच म्हणते नव्हता. आता मी काय करू?" मी म्हटलं, मी तिथे उभी होते. म्हणाले, "मला माहितीय. पण तू एकटी उभी होतीस."
पेपर दिलगिरी छापणार. मी सही केली नाही. माझ्या सहीशिवाय छापणार.

२९ जानेवारी
दिलगिरी पहिल्या पानावर. बातमी कधी पहिल्या पानावर नव्हती.
कॉलम "तूर्त" बंद.

३ फेब्रुवारी
राहनाळला गेले. गोडाऊनच्या मागची खोली. काळू झोपलेला. मंजुळा दारातच उभी राहिली, आत ये म्हणाली नाही.
मी काही विचारायच्या आधीच बोलली. हळू, त्याला ऐकू जाऊ नये म्हणून.
"होता पाइप. मना म्हाईत हाय. पोरांनी सांगला सगला. पन तू लिवतंस आन् घरी जातंस. मी कुठं जाऊ? पाड्यावर दवाखाना न्हाय, रस्ता न्हाय. हितं पंखा हाय, डाक्टर येतो. कुशीवर वळवाया दोन मानसा लागतात, ती शेठची मानसा येतात."
"तूच म्हणालीस ना, लिव?"
"तवा मना वाटला तो मरतंय."
मग म्हणाली, "आता जा. कुनी बघंल."
आले परत. स्कूटर कुठल्या रस्त्याने आणली आठवत नाही.

१० फेब्रुवारी
काही नाही. फोन नाहीत. शिव्यासुद्धा थांबल्या. शिव्या देणाऱ्यांनाही माझी गरज उरली नाही. इरफानचा माल उतरायला लागलाय. तो घरात बोलत नाही, पण पुडी भरून तिळाची गजक आणली. अम्मी म्हणते, शाळेत शिकवायची नोकरी बघ, उर्दू-मराठी दोन्ही येतं तुला. बघायला हवी.

२२ फेब्रुवारी
खारबाव. मुलींची स्पर्धा. कुणी बोलावलं नव्हतं, कॉलमही नाही, रोजा असताना उन्हातून गेले. का गेले? बसवत नाही घरात म्हणून.
व्यासपीठ. सोफे. पुढे पाइप. तसाच. रेषेला खेटून.
संयोजकांना सांगितलं. "हो, हो, बघतो." पंचांना सांगितलं. त्यांनी ओळखलं मला, मान फिरवली. मग मी जाऊन पाइपाच्या आणि रेषेच्या मध्ये उभी राहिले. पहिला सामना थांबला. माइकवर विनंती, मग चढा आवाज. लोक शिट्ट्या मारायला लागले. वाटलं, ओढून नेतील. न्यावं.
आली ती यजमान संघाची कप्तान. घामाने आधीच भिजलेली, गुडघ्याला पट्टी. हात जोडले तिने.
"मॅडम, प्लीज. सामना होऊ द्या. आमची वर्षातून एकच स्पर्धा होते. ही पण बंद पडली तर आम्ही कुठे खेळायचं?"
बाजूला झाले.
खेळल्या मुली. झकास खेळल्या. एक पोरगी तर दोनदा पाइपापर्यंत घसरत गेली आणि उठून हसली. कुणाला काही झालं नाही. मला बरं वाटायला हवं होतं. मी कुणाला तरी लागायची वाट बघत बसले होते की काय, असं वाटून तिथून निघाले. रोजा कुठे सोडला, कशाने, लक्षात नाही.

११ मार्च
वरच्या संघटनेचं पत्र. कुणीतरी बाहेरून तक्रार केली असावी. काळूच्या दुखापतीची चौकशी लावलीय, ठाण्याला, एप्रिलच्या सुरुवातीला. साक्षीला पंच, संयोजक, खेळाडूची पत्नी. आणि मी. अडथळा होता असं ठरलं तर शेठच्या मंडळावर कायमची बंदी, पंचांचं कार्ड रद्द, सगळीकडे कठड्यांचा नियम कडक होईल.
संपादकांचा फोन. "आता बोल. आम्ही छापू." आता.
इरफान म्हणाला, "शेठवर बंदी आली तर तो त्या काळूला खोलीत ठेवील का?" माझ्या मनात तेच होतं, त्याने फक्त मोठ्याने म्हटलं.

२४ मार्च
ईद होऊन गेली. अम्मीने डब्यात शीरखुर्मा दिला, "त्या आजारी पोराला दे." अम्मीने काळूला कधी पाहिलेलं नाही.
या वेळी मंजुळाने आत घेतलं. डबा घेतला, हुंगला, काळूला चमच्याने भरवला. त्याने दोन चमचे खाल्ले, गोड आहे म्हणाला. आवाज आहे त्याला. उजव्या हाताची बोटं जराशी हलतात. बाकी तसंच.
चौकशीचं माहीत होतं त्याला. मी म्हटलं, काळू, तू सांग. मी काय बोलू तिथे? तू म्हणशील तसं.
"मी काय सांगू, ताय? उचलते ती, धुते ती. तिचा ऐक."
मंजुळा पाठ करून भांडं घासत होती. घासतच राहिली.
निघताना त्याने हाक मारली.
"ताय, तू तवा तिथंच व्हतीस ना? माझा हात लागला व्हता कोपऱ्यावाल्याला. त्या पोराला. मंग मधल्या रेषंवर बी लागला का? गुन दिला का पंचांनी? कुनी सांगतच न्हाय मना. सगलं पाइपाचाच बोलतात."
माझी नजर पाइपावर होती. त्याचा हात मी पाहिलाच नाही. गुण दिले की नाही, मलाही माहीत नाही. त्यानंतर कुणी विचारलंच नाही.
म्हटलं, "दिला. दोन गुण मिळाले."
हसला तो. तोंडभर. मंजुळाकडे बघून म्हणाला, "बग, मी सांगला व्हता."
न पाहिलेली गोष्ट आजवर मी एकदाही लिहिली नव्हती. कॉलम बुडाला तो याच हट्टापायी. आणि आज पहिल्यांदा माझ्या बोलण्याने कुणाचं तरी भलं झालं, ते खोटं होतं.

१ एप्रिल
उद्या सुनावणी.
पाइप होता म्हटलं तर खोली जाते. काळू पाड्यावर, चटईवर. शेठ म्हणतो तसा जन्मभर सांभाळेलही कदाचित, पण बंदी आल्यावर? मी त्याच्या भलेपणावर पैज लावायची का, आणि ती काळूच्या मानेवर?
नव्हता म्हटलं, गप्प बसले, तर पुढच्या हिवाळ्यात पुन्हा सोफे, पुन्हा पाइप. ती खारबावची पोरगी घसरत येईल.
अम्मीला विचारलं. म्हणाली, "मला विचारू नकोस. मी हो म्हटलं तरी तू रडशील, नाही म्हटलं तरी."

२ एप्रिल
सुनावणीच्या खोलीबाहेर बाकावर बसून लिहितेय.
शेठ आणि पंच पलीकडे उभे, फोनवर. शेठने नमस्कार केला, मीही केला.
मंजुळा शेठच्या गाडीतून आली. नवी साडी, घडीच्या रेघा दिसताहेत. इकडे-तिकडे बघितलं आणि सरळ येऊन माझ्याशेजारी बसली. शेठच्या माणसाने खुणेने बोलावलं तिला, ती उठली नाही.
"पानी हाय?"
बाटली दिली. अर्धी प्यायली.
"त्याला झोप लागते आता," म्हणाली. "ते गुन समजले तवापासून."
मी तिच्याकडे बघितलं. तिला माहीत आहे, मी खोटं बोलले ते. कसं कुणास ठाऊक, पण माहीत आहे. विचारलं, मंजुळा, आत काय सांगणार आहेस?
पदराने तोंड पुसत बसली. मग म्हणाली, "तू काय सांगनार हायस?"
शिपाई दारात आलाय, नाव पुकारतोय. तिचं. ती उठली, बाटली माझ्या मांडीवर ठेवली, आत गेली. दार लावून घेतलं त्यांनी. आतलं काही ऐकू येत नाही, नुसता पंख्याचा आवाज. तिच्यानंतर मी.