बर्चच्या शेंड्यावर सुलेखा

पिस्कॅटवे,
१९ ऑक्टोबर १९८६

ती. त्र्यंबकदादा यांस,
हेमचंद्रचा साष्टांग नमस्कार. इकडे थंडी सुरू झाली. शोभा दिवाळीच्या तयारीत आहे. वहिनींचा गुडघा आता कसा आहे?

आमच्या दारातल्या बर्चचा फोटो पाठवला होता, पांढऱ्या सालीचा, आपल्या भूर्जाच्या कुळातला. यंदा तो शेंड्याकडून वाळू लागला. मी खत घातलं, पाणी घातलं, काही उपयोग नाही. शेवटी शोभाने मला न विचारता सुलेखाला बोलावलं.

काल ती आली ती थेट झाडाकडेच गेली. सालीवरून बोटं फिरवत म्हणाली, "बाबा, हे बघा." इंग्रजी डी अक्षरासारखं एक भोक होतं, मोहरीहून जरासं मोठं.

"भुंगेरा इथून बाहेर पडला. त्याची अळी सालीच्या आत नागमोडी पोखरत जाते. मग वर पाणी पोचत नाही."

"तोडावं लागेल?"

"नो! खाली अजून जिवंत आहे. वरचं मेलेलं तेवढं कट करू."

कमरेला पट्टा आणि दोर बांधून ती चाळीस फूट वर चढली. मी खाली जीव मुठीत धरून उभा. "बाबा, मागे व्हा!" ती ओरडली आणि मी मुकाट्याने मागे झालो. एकेक फांदी कापून तिने दोराने अलगद उतरवली. शोभाच्या शेवंतीचं एकही फूल मोडलं नाही. पंचवीस वर्षांच्या इंजिनिअरिंगमध्ये इतकं नेमकं काम मी क्वचितच पाहिलंय.

दादा, सुलेखा मेडिकलला नाही. दीड वर्षापूर्वीच तिने ते सोडलं आणि झाडांची निगा राखणाऱ्या कंपनीत लागली. "मजुरी करायची असेल तर या घरात येऊ नकोस," असं मी तिला म्हणालो होतो. तुम्हाला खोटं लिहीत राहिलो. तुम्ही तिच्यासाठी पाठवलेला स्टेथोस्कोप माझ्या कपाटात पडून आहे.

ती खाली उतरल्यावर मी विचारलं, "जगेल ना?"

"प्रॉमिस नाही करत. जूनमध्ये नवे भुंगेरे येतील, तेव्हा बघावं लागेल."

"येशील?"

"तुम्ही बोलावलंत तर."

"बोलावतोय," मी म्हणालो. मग ती घरात येऊन जेवली.

रागवायचं तर माझ्यावर रागवा. तिला मात्र वेगळं पत्र लिहा. तिचा पत्ता मागे लिहिलाय. मलाही तो काल तिच्याकडूनच मागून घ्यावा लागला.

तुमचा धाकटा भाऊ आणि सुलेखाचा बाप,
हेमचंद्र