रंगाने कमी

४ जानेवारी, सोमवार

आज एक मुलगी आली. नऊ वर्षांची. डावा हात मनगटापासून नाही – आईबरोबर कापडाच्या कारखान्यात गेली होती, यंत्राच्या पट्ट्यात सापडला. जखम आता पूर्ण भरलीय, म्हणून कृत्रिम हातासाठी आमच्या कार्यशाळेत पाठवलंय. आतला सांगाडा साहेब बसवणार. वरची कातडी – म्हणजे सिलिकॉनचा मोजा, रेघा-नखांसकट – ती माझ्याकडे. अकरा वर्षं मी हेच करते. लोकांना कातडी चढवते.

साहेबांनी रंगांचं कार्ड पुढे केलं. चार रंग. तीन गुलाबी, आणि चौथा म्हणजे दूध जास्त झालेला चहा. मुलगी माझ्यासारखी, माझ्या लेकीसारखी, खारूसारखी. चारातला एकही तिच्या आसपास जात नव्हता. मी म्हटलं, हे बाहेरून येणारे ठरलेले रंग. हिच्यासाठी वेगळा मिसळावा लागेल.

आई म्हणाली, "ताई, ह्यातला सगळ्यात उजळ कोणता?"

मला वाटलं ऐकण्यात चूक झाली. तिने परत सांगितलं. "हात तर गेलाच. आता नवा येतोय, तो तरी गोरा येऊ दे."

स्वतः मुलीपेक्षा चांगलीच काळी. मुलगी कार्डाकडे बघत होती. हळूच म्हणाली, "मग माझे हात दोन मुलींचे दिसतील."

 मी कार्ड पुसत राहिले.

साहेब म्हणाले, पसंती पालकांची. वहीत लिहिलं – क्रमांक एक.

५ जानेवारी

मुलीचं वाक्य डोक्यातून जात नाही. मी गप्प का बसले?

७ जानेवारी, गुरुवार

क्रमांक एकचा नमुना घरी आणला होता, नखं रंगवायला. भाजी घेऊन परत येते तर खारू आरशापुढे. डाव्या हातात तो मोजा. हात गालाला लावून उभी, आणि हसतेय. माझी आठ वर्षांची पोर. मला बघून म्हणाली, "आई, असा अख्ख्या अंगाचा करता येतो?"

मी थोबाडीत मारली.

का मारलं ते सांगता येईना. मोजा फाटला असता, असं सांगितलं. सासूबाई आतून धावत आल्या. "मारतेस कशाला? तिची काय चूक? रंग तुझ्यावर गेलाय." आणि तिला जवळ घेऊन तिच्या कोपरांना साय चोळत बसल्या. रोज चोळतात. प्रेमाने चोळतात – तेच तर.

नंतर हळूहळू कळलं. शाळेच्या नाचात हिला मागच्या रांगेत टाकलंय. बाई म्हणाल्या, "पुढे उजळ मुली छान दिसतात." उंचीचं कारण द्यायचं होतं. निदान खोटं बोलायचं होतं मुलीशी.

८ जानेवारी

"रंगाने जरा कमी, पण नाकीडोळी नीटस." माझं वर्णन. आईने केलेलं, मावशीने केलेलं, बघायला आलेल्यांनी केलेलं. त्या 'पण'वर मी आजवरचं आयुष्य काढलं. आता तो 'पण' खारूच्या वाटणीला.

११ जानेवारी, सोमवार

ठरवलं. साहेबांना सांगितलं, क्रमांक एक वेळेत देते, पण दुसरा एक माझ्या वेळात करणार. ते म्हणाले, "हौस आहे तर कर. पालकांनी नाही घेतला तर तोंड पाडून बसायचं नाही."

अडचण एकच. आमच्याकडे डाव्या मोज्याचा साचा जिवंत डाव्या हातावरूनच घ्यावा लागतो, आणि तिचा डावा तर नाहीच. तिच्या उजव्याची मापं काढून ठेवलेली होती. घरी खारूचा हात मोजला. बोटांची लांबी, पंजाची रुंदी – फरक असून नसल्यासारखा.

तिला विचारलं, तुझा हात देशील का एका मुलीला? घाबरली. मग समजावलं – हात तुझाच राहणार, फक्त ठसा. थोबाडीत मारल्यापासून माझ्याशी नीट बोलत नव्हती. म्हणाली, "बघते."

१६ जानेवारी, शनिवार

खारूला कार्यशाळेत नेलं. दातांच्या डॉक्टरकडे ठशासाठी असते तसल्या गार लगद्यात हात बुडवायला लावला. पाच मिनिटं हलायचं नाही. हलली नाही. नाक खाजत होतं ते मी खाजवून दिलं.

खरं काम रंगाचं. साहेब जेवायला गेले होते. तिला शेजारी बसवलं. आधी क्रमांक एक कसा होतो ते दाखवलं – पांढरा, थोडा लाल, चिमूटभर पिवळा. झाला. मग तिचा हात दिव्याखाली धरला. म्हटलं, आता हा करू.

तपकिरी असा एक रंग नसतोच. पिवळा घातला, लाल घातला, निळा. अजून मेलेला दिसत होता. हिरव्याचा थेंब टाकला तर खारू ओरडली, "माझ्या हातात हिरवा कुठेय?" मनगटाची शीर दाखवली. बघतच राहिली. बोटांच्या सांध्यांना जांभळट छटा लागली. तळव्याला नारिंगी. नखाच्या बुडाशी पांढरा. ती एकेक शोधून काढू लागली – "इथे बघ, इथे कॉफीसारखा आहे. आणि इथे ऊन पडल्यासारखा."

मग तिनेच उघड्या डब्या मोजल्या. गोऱ्या हाताला तीन. हिच्या हाताला सात.

मी म्हटलं, "लोक आपल्याला रंगाने कमी म्हणतात."

तिने परत मोजल्या. बोट लावून. मग म्हणाली, "मोजता येत नाही त्यांना."

मी तोंड फिरवून ब्रश धुवायला गेले. बराच वेळ धूत होते.

१७ जानेवारी

सकाळी सासूबाई साय घेऊन आल्या. खारू म्हणाली, "आजी, नको. पोळीवर घाल." सासूबाई माझ्याकडे बघत राहिल्या, जणू मी पोरीला चोरी शिकवली.

२७ जानेवारी

नाच झाला. शेवटची रांग, डावं टोक. पुढच्यांच्या झालरींमधून एकदा तिचा हात दिसला. घरी येताना विचारलं, "मी दिसले का?" म्हटलं, दिसलीस.

"खोटं," ती म्हणाली. "मला तू दिसत नव्हतीस, मग मी तुला कशी दिसेन?"

सात डब्या मोजून काय होतं? रांग बाईच लावतात.

२ फेब्रुवारी, मंगळवार

दोन्ही हात टेबलावर ठेवले. मुलीने विचारलंही नाही. सरळ सावळा उचलला, उजव्याशेजारी धरला. दोन्ही एकाच मुलीचे. पालथे केले, उताणे केले, सांध्यांवर बोट फिरवलं. तिचा चेहरा मी लिहू शकत नाही.

आई म्हणाली, "मी उजळ सांगितला होता."

मी पुष्कळ बोलले. की हा घातला तर कोणाला कळणारही नाही, आणि तो घातला तर लांबूनच कळेल की खोटा आहे. की मुलीला हवाय तो द्या. तिने सगळं ऐकून घेतलं. मग इतकंच म्हणाली, "ताई, काळी आणि वर थोटी. लोक काय बोलतात ते मी ऐकते, तुम्ही नाही. तिच्यात एक तरी गोष्ट गोरी असू दे."

काळ्या बाईने काळ्या बाईला सांगितलं, तुम्ही नाही ऐकत म्हणून.

साहेबांनी क्रमांक एक चढवला. मुलगी जाताना नवा हात ओढणीखाली धरून गेली. सावळा मी कपाटात ठेवला. घरी खारूने दहा वेळा विचारलं, "बसला का माझा हात तिला?" बसला म्हटलं. अजून एक खोटं.

१७ फेब्रुवारी, बुधवार

मायलेकी पुन्हा आल्या. हाताचा पट्टा सैल बसतोय म्हणून. पट्टा पाहिला – जवळजवळ कोरा. विचारलं, वापरत नाहीस का ग?

"पाहुणे आले की घालते. एरवी आईच्या कपाटात असतो. तो आईचाच आहे."

आई चिडली नाही, रडली नाही. खुर्चीवर बसली आणि स्वतःच्या हातांकडे बघू लागली. मग म्हणाली, "तो दुसरा आहे अजून?"

आणला, क्रमांक एक उतरवून सांगाड्यावर चढवून दिला. मुलीने हात स्वतःच बांधला, दातांनी पट्टा ओढून. आईने त्या हाताची बोटं आपल्या हातात घेतली, लगेच सोडली. म्हणाली, "बरं. रोजचा हा. पाहुण्यांसाठी तो."

कपबश्यांसारखं. घरातल्यांना साधे, पाहुण्यांना चांगले.

हसू आलं आणि रागही. पण मुलगी दारातून बाहेर पडली ती दोन्ही हात हलवत. तेवढं मिळालं. घरी आल्यावर खारूला पहिल्यांदा खरं सांगितलं – सगळं, कपाटापासून. ती विचार करून म्हणाली, "मग पाहुणे कमी आले पाहिजेत त्यांच्याकडे."

२० फेब्रुवारी, शनिवार

आज खारूच्या शाळेत पालकसभा होती. हे मी ह्या वहीतही कधी लिहिलेलं नाही – चौदाव्या वर्षापासून, आधी गोरं करणारं क्रीम आणि वर पावडर, हे लावल्याशिवाय मी घराबाहेर पडलेली नाही. बाळंतपणाला जातानाही लावून गेले होते. निघताना ट्यूब उघडली, तर खारू दारात. "आज नको ना लावूस. माझी आई म्हणून ये."

तोंड धुतलं. गेले. रस्ताभर वाटत होतं, सगळे बघताहेत.

कोणीही बघत नव्हतं. चोवीस वर्षं.