पुलाच्या या बाजूचा परवाना

बेकर्स हॉलो, पेनसिल्व्हेनिया
मंगळवार, १८ नोव्हेंबर

प्रिय डॅरिल,

तू पाठवलेली पेअरची पेटी पोचली. काही फळं वाटेत दबली होती, त्यांचा मी केक केला. बाकीची आई रोज एक खाते आणि "माझ्या लेकाने पाठवलीत" असं पोस्टमनलासुद्धा ऐकवते. थंडी पडल्यापासून तिचा गुडघा कुरकुरतोय, एरवी बरी आहे. ग्लेनने छपराच्या पन्हळीतली पानं एकदाची काढली. हरणांच्या शिकारीचा सीझन तोंडावर आलाय, त्यामुळे नवरा घरात असून नसल्यासारखा. सगळा जीव त्या नारिंगी जाकिटात. तुझं कसं काय? न्यू जर्सीतलं घर आता अंगवळणी पडलं असेल.

पत्र बघून तुला नवल वाटलं असेल. आपण फोनवर बोलणारी माणसं. पण फोनवर तू मधेच हसतोस, विषय बदलतोस, आणि मी जे सांगायला बसलेली असते ते राहून जातं. इथे तुला मधे बोलता येणार नाही, म्हणून कागद घेतला.

आधी फोनचंच सांगते. आई हल्ली रविवारी तुझा फोन उचलत नाही. ती रुसलेली नाही. तिचा फोन मी माझ्याकडे घेतलाय. तिला सांगितलं, दुरुस्तीला दिलाय. तिला खरं वाटलेलं नाही, पण ती गप्प आहे. का घेतला ते पुढे येईलच.

तुमचा घटस्फोट झाला तेव्हा मी मार्नीशी बोलणं सोडावं अशी तुझी अपेक्षा होती. मी सोडलं नाही, आणि तू ते कधी विसरला नाहीस. तू मार्नीजवळ फिरकू नयेस म्हणून कोर्टाने दिलेल्या मनाई हुकमाची मुदत जुलैत संपली, तेव्हा तू ग्रिलवर मांस भाजायला आमच्याकडे आला होतास. "आता मी मोकळा माणूस," म्हणालास. आईने तुझ्या गालाचा मुका घेतला. त्याच दिवशी तू ग्लेनला सहज विचारल्यासारखं विचारलंस, "काय रे, तुमच्या पेनसिल्व्हेनियातला पिस्तुलाचा परवाना आमच्या बाजूला चालत नाही ना?" ग्लेन म्हणाला, "छे. पूल ओलांडून न्यू जर्सीत शिरलं की तो नुसता कागद. पिस्तूल सापडलं तर सरळ आत." तू मान डोलावलीस आणि मक्याची कणसं उलटवायला लागलास. तुझ्याकडे तर इकडचा परवाना नाही. मग चौकशी कोणासाठी, हे तेव्हा माझ्या डोक्यात आलं नाही.

सप्टेंबरात मार्नी माझ्या स्वयंपाकघरात आली. मी चुलीपाशी सफरचंदाचा मुरंबा ढवळत होते. ती बसली नाही, दाराजवळच उभी राहिली.

"आर्लीन, मला तुझं नाव हवंय."

"कशाला? जामीन राहायला?"

"जवळपास तसंच. पिस्तूल बाळगायचा परवाना काढतेय. कोटाखाली, झाकून. शेरिफला ओळखीची दोन माणसं लागतात. नात्यातली चालत नाहीत म्हणे."

"मग मी कशी चालेन?"

"तू आता माझी कोण लागतेस?" ती हसली. "जज्जसाहेबांनीच मला तुमच्या घरातून मोकळं केलंय की."

मी म्हटलं, "अगं, तुला साधा उंदीर मारवत नाही!"

"उंदराची भीती वाटत नाही गं मला," ती म्हणाली आणि खिडकीतून रस्त्याकडे बघायला लागली.

कोणाची वाटते, हे मी विचारलं नाही. विचारलं असतं तर तिने सांगितलं असतं.

मग शेरिफच्या ऑफिसातून एका माणसाचा फोन आला. बाई पितात का, डोकं लवकर तापतं का, कधी कोणाला धमकावलंय का. मी म्हटलं, "मार्नी दुकानात आपला नंबर दुसऱ्याला देऊन मागे उभी राहणारी बाई आहे." तो जरा हसला. मग म्हणाला, "त्यांना कोणापासून धोका आहे असं तुम्हाला वाटतं का?" मी म्हटलं, "मला विचार करू द्या. मी फोन करते." त्याने नंबर दिला. मी तो फ्रिजवर लावला आणि रोज दूध काढताना त्याच्याकडे बघायचं टाळलं.

डॅरिल, तू तसा माणूस आहेस असं मला वाटत नव्हतं. संतापी आहेस. तुझ्या घराचं ते फुटलेलं दार मी बघितलंय, आणि "वाऱ्याने आपटलं" हेही ऐकून घेतलंय. पण माणसं रागावतात आणि निवळतात, असं मी स्वतःला सांगत होते.

ऑक्टोबरात मार्नीला जनावरांच्या दवाखान्यात नोकरी लागली. ते मी आईला सांगितलं, आईने रविवारी तुला सांगितलं. त्याच आठवड्यात मार्नीला तुझा निळा पिकअप दवाखान्यासमोर टायरच्या दुकानात उभा दिसला. मी तुला फोन केला. तू म्हणालास, "टायर बदलायचे होते." मी म्हटलं, "तुझ्या गावात टायर मिळत नाहीत?" त्यावर तू विचारलंस, "तिकडे बर्फ कधी पडणार म्हणतायत?"

आणि तुझ्याकडचं ते पिस्तूल. तू ते विकलंस असं आईला सांगितलंस. कोणाला, असं मी विचारलं, तर तेव्हाही तू हवामानावरच गेलास.

मग मी एक गोष्ट केली. ती वाचून तुला राग येईल. येऊ दे.

सकाळी ब्रेकफास्टला मी आईला म्हटलं, "मार्नी आता दर गुरुवारी मेथडिस्ट चर्चच्या जेवणावळीत वाढायला जाते बरं का." साफ खोटं. मार्नीने त्या हॉलमध्ये कधी पाऊल ठेवलेलं नाही. आईशिवाय मी हे कोणालाही बोलले नाही, अगदी मार्नीलाही नाही. रविवारी आई तुझ्याशी बोलली. गुरुवारी संध्याकाळी मी ग्लेनची गाडी घेतली, कारण माझी तू ओळखतोस, आणि चर्चच्या पार्किंगमध्ये जाऊन बसले. आतून डुकराच्या मांसाचा आणि आंबट कोबीचा वास येत होता. मला वाटत होतं, हा येणार नाही. घरी जाऊन मी स्वतःलाच शिव्या घालीन आणि याला फोन करून उगाच गोड बोलेन.

तू आलास.

हातात फुलं होती. पिवळी शेवंती, प्लास्टिकच्या कागदातली. तुला ती डाव्या हातात धरलेली पाहून माझा जीव क्षणभर भांड्यात पडला. म्हटलं, बिचारा, अजून त्याचा जीव आहे तिच्यावर. मग तुझा उजवा हात दिसला. म्हणजे दिसला नाही. तो जाकिटाच्या खिशात होता. त्या संध्याकाळी थंडी नव्हती. हॉलचं दार जड आहे, पण ते तू खांद्याने ढकललंस. फुलं काखेत धरलीस आणि एक बाई आडवी आली तिला डाव्या हाताने वाट करून दिलीस. उजवा हात काही बाहेर आला नाही. आत जाऊन तू एकेका टेबलाकडे बघितलंस, काचेतून मला सगळं दिसत होतं. मग बाहेर आलास, फुलं कचऱ्याच्या डब्यात टाकलीस आणि पिकअपमध्ये कितीतरी वेळ बसून राहिलास.

खिशात काय होतं, मला माहीत नाही. किल्ल्याही असतील. मी शपथेवर काही सांगू शकत नाही. आईला सांगितलं असतं तर ती म्हणाली असती, "बघ, फुलं घेऊन आला बिचारा." म्हणून मी तिला काही सांगितलं नाही. फोन घेतला तो त्यानंतर.

मार्नीला मात्र सगळं सांगितलं. ती रडली नाही, घाबरली नाही. एवढंच म्हणाली, "तुला आता दिसलं ना? मला बरं वाटलं."

यात बरं वाटण्यासारखं काय होतं, हे समजायला मला वेळ लागला.

एवढ्यावर मी थांबले असते, पण मग माझ्या फोनवर तुझा निरोप आला. मार्नीच्या आजीने शिवलेली ती गोधडी, जी हरवली म्हणून ती इतकी हळहळली होती, ती तुझ्याकडे सापडली. "तिला म्हणावं, घेऊन जा. मात्र माझ्या घरी यायचं. एकटीनेच, उगाच तमाशा नको." मार्नीचा चेहरा तू बघायला हवा होतास. ती गोधडी तिच्यासाठी काय आहे, ते तुझ्याइतकं कोणाला माहीत?

आम्ही तिघं टेबलाशी बसलो होतो. ती म्हणाली, "मी जाऊन येते. दारातूनच घेईन."

ग्लेन म्हणाला, "पुलापलीकडे?"

मार्नीने विचारलं, "आणि समजा, माझ्या पर्समध्ये काही असलं तर?"

"पर्समध्ये नाही, गाडीत नाही, डिकीत पण नाही. इकडे तू कायद्याने वागणारी बाई, तिकडे गुन्हेगार. त्यांचे पोलीस ऐकून घेणार नाहीत." मग ग्लेन एकदम थांबला. माझ्याकडे बघून म्हणाला, "आर्लीन, डॅरिलने मला हेच विचारलं होतं. जुलैत."

ती "समजा" म्हणाली, हे लक्षात घे. त्या शब्दावर हवा तितका विचार कर.

मी तुला लगेच कळवलं की गोधडी न्यायला मी येते. तुझं उत्तर काय आलं? "वस्तू तिची, तिनेच यायचं." मी लिहिलं, ग्लेनला पाठवते. दुसऱ्या दिवशी तुझं उत्तर, की माळ्यावर उंदीर झालेत, गोधडी त्यांनी कुरतडली, टाकून दिली. एका दिवसात! आजीची गोधडी सापडली काय, मी येते म्हटल्यावर उंदरांनी खाल्ली काय! मला वाटतं, ती तुझ्याकडे कधी नव्हतीच. असलीच तर अजून आहे.

त्या दुपारी मी फ्रिजवरचा नंबर फिरवला. त्याच माणसाने उचलला. मी म्हटलं, "तुम्ही मला एक प्रश्न विचारला होतात. उत्तर आहे, हो. माझ्या भावापासून." त्याने तुझं पूर्ण नाव विचारलं, मी सांगितलं. आडनाव सांगताना अक्षरं एकेक करून सांगावी लागली. आपलं आडनाव असं कधी सांगावं लागेल, वाटलं नव्हतं. टायरचं दुकान, चर्च, गोधडी, सगळं त्याने लिहून घेतलं. "फुलं आणल्याबद्दल कोणाला पकडता येत नाही, बाई," तो म्हणाला, पण चांगल्या आवाजात.

आता तुला जाणून घ्यायचं असेल की मार्नीला परवाना मिळाला का. शेरिफ तुला सांगणार नाही. आमच्याकडे ही नावं गुप्त ठेवायची असा कायदाच आहे. आईला माहीत नाही, ग्लेनलाही नाही. मला माहीत आहे. तू मला विचारू नकोस, आणि मला हसवून काढून घ्यायचा प्रयत्न करू नकोस. तिने परवाना घेऊन पिस्तूल घेतलं असेल, किंवा मिळूनही घेतलं नसेल, किंवा तिला नाहीच म्हटलं असेल. ती दवाखान्यातून बाहेर पडेल तेव्हा तिच्या अंगावर लांब कोट असेल. हिवाळा आहे, सगळ्यांच्याच अंगावर असतो.

तुझ्या मनात काही नसेल, तर बायकोच्या, म्हणजे आता जी तुझी बायको नाही तिच्या, कोटाखाली काय आहे याने तुला काय फरक पडतो? आणि हे वाचून तुला भीती वाटली असेल, तर डॅरिल, ती भीती घेऊन ती किती दिवस जगतेय याचा विचार कर. मी चुकले असेन तर तुझ्या दारात येऊन, मान खाली घालून माफी मागेन. मला चुकायला आवडेल.

थँक्सगिव्हिंगच्या जेवणाला येऊ नकोस. त्या दिवशी तुझ्या खुर्चीवर मार्नी बसणार आहे. आईला मी सांगितलंय. ती ओरडली, "स्वतःच्या भावाला हाकलतेस?" मग रडली, मग बटाटे सोलायला बसली. थोड्या वेळाने सुरी खाली ठेवून तिने विचारलं, "तो काही करेल का गं?" मी म्हटलं, "मला माहीत नाही, आई." नंतर सोललेले बटाटे तिने पुन्हा सोलायला घेतले.

या पत्राची एक प्रत मी उद्या सकाळी शेरिफच्या ऑफिसात देणार आहे, आणि मगच हे टपालात टाकेन. तुला धमकावायला नाही. इकडे काही झालं तर कोणीही असं म्हणू नये की कोणाला काही ठाऊक नव्हतं.

आईने तुला प्रेम सांगितलंय. ते जसंच्या तसं कळवते, त्यात माझं काही मिसळत नाही.

तुझं वाईट कधीही न चिंतलेली, आणि आता तुझ्यावर पाळत ठेवणारी,
तुझी थोरली बहीण,
आर्लीन