किल्लीचा सेल आणि माझा जीव

चि. धाकट्यास, थोरल्याचे पोटभर आशीर्वाद.

तुझी पाठ कशी आहे? तेल चोळतोस की नुसता कुरकुरतोस? इकडे सगळे ठीक, असे लिहायची रीत म्हणून लिहितो. खरे काय ते पुढे वाच.

तू अडीनडीला ठेवून गेलेल्या गाडीची किल्ली आजारी पडली. आधी गॅलरीतून बटण दाबले की गाडी खाली डोळे मिचकावायची. मग फाटकातून, आणि परवा तर किल्ली दाराला टेकवावी लागली. (माझ्या कानांचेही असेच चालले आहे.) लेकीला नववा लागलेला. ऐन वेळी दार उघडलेच नाही तर? म्हणून मी उठता-बसता बटण दाबून खात्री करू लागलो. तुझी वहिनी म्हणाली, "अहो, दाबून दाबूनच मारणार तुम्ही तिला!"

दुखणे सेलचे, एवढे निदान मी केले. रेडिओचे सेल आपण उन्हात ठेवायचो, आठवते? तोच उपाय. नाण्याने किल्ली उकलली, टिकलीएवढा सेल खिडकीत तापवला. गाडी एकदा बोलली आणि कायमची गप्प झाली. मग घड्याळवाल्याकडून नवा आणून गाडीपाशीच बसवला. दाबले. ढिम्म! दोन्ही अंगठ्यांनी दाबून पाहिले. लेक जिन्याचा कठडा धरत खाली आली, किल्ली उघडून बघते तो काय, "बाबा, सेल पालथा घातलाय!" तिने तो उलटवला, गाडी कुंई करून उठली, आणि लेक इतकी हसली की पोट धरून पायरीवरच बसली.

मला वाटले, झाले, वेळ आली! धावलो, दार उघडले आणि आत बसून घेतले. मागच्या सीटवर. वहिनी वरून ओरडली, "आणि चालवणार कोण? किल्ली?"

(वेळ आलेली नव्हती. दोघी अजून हसताहेत.)

तुझा,
दादा

ता.क. किल्ली आता गॅलरीतून ठणठणीत चालते. पण मागे बसल्या बसल्या मला उमगले, की दार उघडणार नाही ही भीती नव्हतीच. ते उघडेल, आणि लेकीला घेऊन गाडी मला चालवावी लागेल, ही होती. महिनाभर येऊन राहशील का रे?

ता.ता.क. पाठीचे निमित्त सांगू नकोस. टेकायला उशी शिवून घेतली आहे. ड्रायव्हरच्या सीटवर ठेवलीसुद्धा.