पाइपाची कड सरळच असते

अकोला, १ जुलै १९३६
नवी वही, नवी टर्म. आज स्टाफरूममध्ये हेडमास्तर भगवंतरावांनी विचारलं, की जिनिंग फॅक्टऱ्यांतल्या मिस्त्री लोकांसाठी संध्याकाळचा टेक्निकल ड्रॉइंगचा वर्ग काढायचा आहे, सॉलिड जॉमेट्री कोणाला येते? सगळ्यांनी माना खाली घातल्या. मी भिंतीवरची पाल बघत होतो, त्यामुळे माझी मान वर राहिली. हेडमास्तर म्हणाले, शाबास किसनराव.
बारा वर्षं पोपट, कमळ आणि सुरई शिकवली. ज्याला सुरई येते त्याला सिलिंडर येणारच. जानेवारीत अमरावतीला परीक्षा आहे. पास झालो की जागा कायम आणि दारावर पाटी: टेक्निकल इन्स्ट्रक्टर.

२ जुलै
शाळेच्या लायब्ररीतून इंग्रजी पुस्तक आणलं. प्रस्तावना वाचली. सोपी आहे. पुस्तकात साठ प्लेटी, म्हणजे आकृत्यांची पानं. संकल्प: पहाटे पाचला उठून रोज एक प्लेट. ऑगस्टअखेर विषय खलास. सप्टेंबरात स्वतःचं मराठी पुस्तक लिहायला घेणे.
बायकोला, कौशल्येला, सांगितलं. ती म्हणाली, पाचले उठसान तं पहिले पानी भरजा.

३ जुलै, सकाळी आठ
घड्याळ मागे पडलेलं दिसतं.

५ जुलै
प्लेट पहिली. हवेत एक बिंदू. त्याच्यामागे एक उभा पडदा, खाली एक आडवा पडदा. उभ्यावर दिसेल ते एलेव्हेशन, आडव्यावर दिसेल तो प्लॅन. इथपर्यंत उत्तम. पण पुढे लेखक म्हणतो, आता तो उभा पडदा मागे पाडा आणि जमिनीला सपाट करा. कशासाठी? चांगला उभा होता. हे मला मान्य नाही. तूर्त पुढे जातो.

१३ जुलै
पहिला वर्ग. अकरा विद्यार्थी. पुढच्या बाकावर नत्थुजी टीनवाला. वय पन्नास, हाताला पत्रा सांधायच्या डाखाचे चटके, जिनिंगजवळ बादल्या-पेट्यांचं दुकान. माझ्याहून पंधरा वर्षांनी मोठा, पण मला वाकून नमस्कार केला. माणूस पारखी आहे.
चाळीस मिनिटं ड्रॉइंगचं महत्त्व सांगितलं. उरलेला वेळ पेन्सिलीला टोक काढायला शिकवलं. नत्थुजीचं टोक सर्वांत चांगलं आलं. माझं मोडलं. पेन्सिल जपानी होती.

२८ जुलै
मास्तर विद्यार्थ्याच्या एक पान पुढे असला म्हणजे पुरे. सध्या मी अर्धं पान पुढे आहे.
आज नत्थुजीने मध्येच विचारलं, मास्तर, तिरपी काठी वरून पाहा का समोरून, आखूडच दिसते, मंग तिची खरी लांबी गेली कुठं? मी शांतपणे म्हणालो, विचार करा, उद्या सांगा.

२९ जुलै
नत्थुजी उत्तर घेऊनच आला. म्हणे, दुकानात झाडूची काठी धरून पाह्यली. ती पडद्याच्या बराबर समोर येईस्तोवर फिरवली, का खरी लांबी दिसते जी.
मी हेच सांगणार होतो. विद्यार्थ्याकडूनच उत्तर काढून घेणे, ही शिकवण्याची सर्वोच्च पद्धत आहे. हेडमास्तर दारात उभे राहून ऐकत होते. खूश दिसले.

१९ ऑगस्ट
प्लेट एकतिसावी. पाइप तिरपा कापायचा, मग उभा चिरून कागदासारखा उलगडायचा. पुस्तकात त्याची कड लाटेसारखी वाकडी छापली आहे. छापखान्याची चूक. करवत सरळ चालते, मग कड वाकडी कुठून येणार? पट्टी ठेवून शाईने सरळ, तिरपी रेघ मारली. लायब्ररीचं पुस्तक असलं तरी पुढच्या वाचकाचा फायदाच आहे.
लंडनच्या प्रकाशकाला पत्राचा मसुदा केला. सभ्य पण खडसावून.

२ ऑक्टोबर
प्लेट एकतिसावी शिकवली. फळ्यावर कड सरळ काढली. दहा जणांनी उतरवून घेतली. नत्थुजीने पेन्सिल खाली ठेवली. शेवटी म्हणाला, मास्तर, आमी कापतो तं वाकडी येते जी. मी म्हणालो, हाताला सवय असते, शास्त्राला सवय नसते. वाक्य चांगलं साधलं. नत्थुजी म्हणाला, तुमी म्हनता तं असन. आणि त्यानेही उतरवून घेतली.
घरी कौशल्येला हे वाक्य ऐकवलं. ती म्हणाली, त्याईचा हात तीस वर्षाचा हाय, तुमचं शास्त्र आखाडातलं.

१५ नोव्हेंबर, बार्शीटाकळी
दिवाळीला सासुरवाडी. सासरे खुशालराव यांचा भाजीचा मळा. त्यांनी विहिरीवर ऑइल इंजिन बसवलं आहे. पाणी एवढ्या जोराने आडवं उडतं की समोरची पाटाची मेर, म्हणजे मातीचा बांध, रोज फुटते आणि वांग्यांचा वाफा वाहून जातो. पाइपाच्या तोंडाला खाली वळणारं टिनाचं कोपर हवं. सासरे म्हणाले, अकोल्याहून कारागीर आनू.
मी म्हणालो, कारागीर कशाला? मी शास्त्रशुद्ध नकाशा काढतो, माझा विद्यार्थी नुसता कापेल. पुढच्या रविवारी सगळ्यांसमोर जोडू.
सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिलं. आदराने. कौशल्या माझ्याकडे बघत होती. तिचा चेहरा नीट दिसला नाही.

१८ नोव्हेंबर
नकाशा पूर्ण, कड पट्टीने सरळ तिरपी. शाईत. शीर्षकाभोवती कमळांची वेल. आजवरचं माझं सर्वोत्तम काम.
दुकानात जाऊन नत्थुजीला दिला. त्याने कागद उजेडाकडे धरून पाहिला. म्हणाला, असंच कापू जी? असंच. पत्रा नवा हाय, मास्तर. मी म्हणालो, असंच म्हणजे असंच! आणि वळवायचं, जोडायचं मळ्यातच, लोकांसमोर. त्याने कागद मळू नये म्हणून धोतराच्या सोग्याने हात पुसले आणि गुंडाळी करून पेटीत ठेवला.

२२ नोव्हेंबर, रविवार. बार्शीटाकळी, दुपारी चार
आज जे झालं ते नीट लिहून ठेवतो, म्हणजे पुढे कोणी विपर्यास करायला नको.
मळ्यात पंधरा-वीस माणसं. सासरे, सासूबाई, मेव्हणे, शेजारपाजारचे. नत्थुजी माझ्या नकाशाबरहुकूम कापलेले पत्रे घेऊन आला. पहिला पत्रा वळवला. कडेची दोन टोकं भेटेनात. एक वर, एक वीतभर खाली. दुसरा वळवला, तेच. धाकटा मेव्हणा शेषराव म्हणाला, जवाईबुवा, हे पाइप हाय का गोगलगाय? सासूबाईंनी तोंडाला पदर लावला. रडण्यासाठी नव्हे.
मी ताबडतोब कारवाई केली. मोठ्याने म्हणालो, नत्थुजी, तुम्ही नकाशाप्रमाणे कापलेलं नाही! तीस वर्षं बादल्या ठोकल्या म्हणून ड्रॉइंग येत नसतं!
नत्थुजीच्या हातात नकाशा होता. त्याने तो उघडून दाखवला असता तर... पण तो उघडण्याचं कारणच नव्हतं. त्याने घडी करून खिशात घातला आणि म्हणाला, चुकलं जी माह्यानं.
मग पिशवीतून दुसरे दोन पत्रे काढले. त्यांची कड लाटेसारखी होती. म्हणाला, मास्तरनं दुसऱ्या कागदावर असं बी सांगतलं होतं, मीच ध्यानात ठेवलं नाही. वळवले. जुळले. नख जाणार नाही असे जुळले. डाख लावला. इंजिन सुरू केलं. पाणी मुकाट खाली वळून पाटात पडलं.
सासऱ्यांनी मला टोपी-दुपट्टा दिला. मी घेतला. एवढ्या लोकांत नाही म्हणणं वाईट दिसलं असतं.
मी दुसरा कागद दिला नव्हता. पण दिला असता, वेळ मिळता तर.

२२ नोव्हेंबर, मोटारीतून उतरल्यावर
कौशल्या अकोल्यापर्यंत खिडकीबाहेर बघत बसली. मोटार स्टँडवर उतरल्यावर म्हणाली, त्या मान्सानं तुमची लाज राखली, अन् तुमी त्याले माह्या बापाच्या मळ्यात चार लोकात बोलले. मले तुमच्यासंग चालाची शरम वाटून राह्यली. आणि पुढे निघून गेली. टोपी-दुपट्टा मलाच धरून यावं लागलं.
तिला शास्त्रीय वादातलं काही कळत नाही. विज्ञानात कडक बोलावंच लागतं.

२४ नोव्हेंबर
नत्थुजीला वर्गात एकट्याला बाजूला घेऊन दोन शब्द बोलायचं ठरवलं होतं. वर्ग सुरू झाला, राहून गेलं. त्याऐवजी त्याच्या वहीवर दहापैकी दहा दिले. गेल्या प्लेटीलाही मागच्या तारखेने दहा केले. तो म्हणाला, कायले जी? मी म्हणालो, अक्षर चांगलं आहे.
कौशल्येला हे सांगितलं. तिने भाकरी ताटात टाकली. वाढली नाही, टाकली.

१ डिसेंबर
लाटेचा विषय शांतपणे तपासला. भाजीच्या मुळ्याला ओला कागद गुंडाळून सुरीने तिरपा कापला. कागद उलगडला. लाट आली.
मुळा वाकडा होता.

२ डिसेंबर
सरळ मुळा आणला. लाट आली.
अकोल्याच्या बाजारात चांगला मुळा मिळत नाही. प्रकाशकाला पत्र पाठवायचं मात्र लांबणीवर टाकलं.

३ जानेवारी १९३७
परीक्षेला बारा दिवस. उरलेल्या प्लेटी सत्तावीस. रोज सव्वादोन. पाव प्लेट कशी काढतात ते बघावं लागेल. निर्धार पक्का. पराभव हा शब्द माझ्या ड्रॉइंग बोर्डावर नाही.

१५ जानेवारी, अमरावती
बडनेऱ्याला गाडी बदलून वेळेवर पोचलो. टी-स्क्वेअरची लांब पट्टी डब्यात दोघांना लागली. दोघेही अडाणी, भांडू लागले.
पेपरात पाइपाचंच कोपर आलं होतं! मला हसूच आलं. सुरुवात थाटात केली. दुहेरी बॉर्डर, वर शीर्षक, कोपऱ्यात छोटं कमळ. मग पाइपाला असं शेडिंग दिलं, की हात लावला तर गार लागेल. एक्झामिनर मागे येऊन उभे राहिले. म्हणाले, शेडिंग मागितलेलं नाही. मी म्हणालो, मागितलं नसतानाही जो देतो तो कलावंत. ते पुढे गेले. पटलं असावं.
उलगडलेला पत्रा काढायला कागदावर जागा आणि घड्याळात वेळ उरला नाही. पण मुख्य गोष्ट पाइप. तो झाला.
पास आहे. फर्स्ट क्लास की सेकंड, एवढाच प्रश्न.

१९ मार्च
निकाल. नापास. शंभरपैकी अकरा.
एक्झामिनर कोण होते त्याची चौकशी करणार. अकरा मार्क कशाचे? कमळाचेच एकट्याचे वीस व्हायला हवे होते. अपील करणार. वर नागपूरला लिहिणार. वेळ पडली तर...
कौशल्येला अजून सांगितलं नाही.

२० मार्च
तिला माहीत होतं. नुसतं ताट वाढलं. ती बोलली असती तर बरं झालं असतं.

२२ मार्च
हेडमास्तरांनी बोलावलं. म्हणाले, किसनराव, कमिटी म्हणते की पास झालेला मास्तर नसेल तर दिवाळीपासून वर्ग बंद. मी ठणकावलं, खुशाल करा बंद! किसनराव कोणापुढे वाकत नाही. माझे पोपट आहेत, कमळं आहेत. बाहेर आलो तर अकराही जण व्हरांड्यात उभे. कोणीतरी त्यांना आधीच सांगितलं होतं. मी छाती काढून त्यांच्यामधून चालत गेलो. कोणी हसलं नाही. हसले असते तर उत्तर तयार होतं.

२३ मार्च
हेडमास्तरांनी नत्थुजीला विचारलं म्हणे, तू घेशील का वर्ग? परीक्षेचं कमिटीला समजावतो. नत्थुजी म्हणाला म्हणे, मास्तरचा वर्ग हाय, मी कसा घेऊ? हे मला प्यूनने सांगितलं. प्यून वाढवून सांगतो. तरी जेवण गेलं नाही.

२६ मार्च
संध्याकाळी नत्थुजी घरी आला. आत यायला तयार नव्हता, कौशल्येने आणलं. चहा बशीत ओतून प्यायला, मग म्हणाला, मास्तर, जुलैत फिरून परीक्षा हाय. तुमी बसा. वर्ग बंद नोको पडू देऊ जी. हे पोट्टे फॅक्टरीत जिंदगीभर हेल्परच राह्यले असते, आता नकाशा पाहून काम समजून राह्यले. मले बी या वयात पहिल्यांदा समजून राह्यलं, का माह्या हाताले जे येते त्याले कारन हाय. ते तुमच्यामुळंच ना.
मी त्याचा चेहरा नीट निरखला. त्याची थट्टा चाललेली नव्हती.
मग तो म्हणाला, मी रोज येत जाईन. दोघं मिळून पाहू. कोनाले सांगाची गरज नाही.
मी त्याच्या विनंतीचा विचार करीन म्हणालो. आतून कौशल्या म्हणाली, उद्यापासून या भाऊ, पाच वाजता.
मळ्यातलं ते बोलणं काढायचं होतं. तोंड उघडलंही. नत्थुजी म्हणाला, चहा मस्त होता, आणि उठला.

२७ मार्च
परवानगी दिली. त्याला सरावाची गरज आहे, असं समजून.
ओट्यावर बसलो. नत्थुजीने पत्र्याचा तुकडा, सुतळी आणि खडू आणला होता. तिरपा कापलेला पाइप. घेराचे बारा भाग केले, प्रत्येकाची उंची मोजली, पत्र्यावर एकेक ठिपका दिला, ठिपके जोडले. सावकाश, तीन वेळा. एकदाही मला तुम्ही चुकलात म्हणाला नाही. कौशल्या दारात उभी राहून बघत होती.
शेवटी त्याने विचारलं, समजलं का जी, मास्तर?
मी हो म्हणालो.
समजलं नाही.